रोज घडते ते दिसत नाही

रायपूर शहरातून बिलासपूरच्या दिशेने निघाले की खमतराईनंतर भनपुरी लागते. पुढे बिरगाव, उरला आणि मग सिलतरा. हा सगळा पट्टा कारखान्यांचा आहे. लोखंडाचे ठोकळे तापवून त्यांच्या सळया ओढणाऱ्या रोलिंग मिल, लहानमोठी वर्कशॉप, गोदामे, वजनकाटे, ट्रकच्या रांगा. जवळच रेल्वेचा वॅगन दुरुस्तीचा कारखाना आणि उरकुरा स्टेशन. नागपूरहून गोंदिया, डोंगरगड, राजनांदगाव, दुर्ग करत रेल्वे साधारण 300 किलोमीटरवर रायपूरला पोहोचते. मुंबई-हावडा मार्गावरून जाणाऱ्या कितीतरी मराठी प्रवाशांनी हा धुरकट पट्टा खिडकीतून पाहिला असेल, आणि पाहिल्याचे त्यांच्या लक्षातही राहिले नसेल.

अशा वस्तीत कॅमेरा येतो तो बहुधा काहीतरी वाईट घडल्यावर. भट्टीवर अपघात झाला, संप झाला, काजळीविरुद्ध लोक रस्त्यावर उतरले, निवडणूक आली. रायपूरजवळच्या भिलाईत 28 सप्टेंबर 1991 रोजी कामगार नेते शंकर गुहा नियोगी यांचा खून झाला. 1 जुलै 1992 रोजी तिथेच रेल्वे रुळांवर बसलेल्या कामगारांवर पोलिसांनी गोळीबार केला. त्या दिवसांची छायाचित्रे आहेत, बातम्या आहेत, अहवाल आहेत. पण ज्या माणसांसाठी तो लढा होता, त्यांच्या आयुष्यातले बाकीचे हजारो दिवस कुठे आहेत? पहाटे डबा भरणे, सायकलला तेल घालणे, पाळीला जाणे, घामाने ओला झालेला गमछा पिळणे, परत येऊन अंगणात बसणे. हे कोणी टिपून ठेवलेले नसते, कारण त्यात ‘काही घडत नाही’.

आपल्या नजरेतून दोन प्रकारच्या गोष्टी निसटतात. एक, ज्या फार सावकाश घडतात. दुसऱ्या, ज्या रोज घडतात. पहिल्या गोष्टी पाहण्याइतका धीर आपल्याजवळ नसतो, आणि दुसऱ्या पाहण्याची गरजच आपल्याला वाटत नाही. माहितीपटांचा एक प्रकार या दोन्ही गोष्टींसाठी जन्माला आला. त्याला चिंतनशील माहितीपट म्हणतात. त्यात नायक नसतो, संकट नसते, बहुतेक वेळा निवेदकही नसतो. असते ते माणसाचे साधे जगणे, आणि त्या जगण्यापुढे घाई न करता उभा असलेला कॅमेरा. हा प्रकार परदेशातून आयात झालेला, महोत्सवांपुरता, विद्वानांसाठीचा आहे असा समज आपल्याकडे पक्का आहे. त्याचा इतिहास मात्र वेगळेच सांगतो.

कारखान्याच्या दारातून सुरुवात

सिनेमाचा जन्मच कामगारांच्या रोजच्या दिवसातून झाला. 1895 मध्ये फ्रान्समधल्या लियों शहरात ल्युमिए बंधूंनी आपल्या कारखान्याच्या फाटकासमोर कॅमेरा ठेवला आणि सुट्टी झाल्यावर बाहेर पडणारे कामगार टिपले. जेमतेम पाऊण मिनिटाची ती फिल्म. फाटक उघडते, माणसे बाहेर येतात, त्यांत बायका जास्त, एखादी सायकल, एखादे कुत्रे. 28 डिसेंबर 1895 रोजी पॅरिसमध्ये तिकीट लावून झालेल्या प्रसिद्ध खेळात ही फिल्म होती. पुढच्याच वर्षी, 7 जुलै 1896 रोजी, मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएंच्या फिल्मांचा खेळ झाला आणि भारतात सिनेमा आला.

एक गोष्ट इथेच ध्यानात ठेवायला हवी. ल्युमिएंनी हे दृश्य एकदाच टिपून सोडून दिले नाही. त्याच्या तीन आवृत्त्या उपलब्ध आहेत. म्हणजे कामगारांना पुन्हा पुन्हा बाहेर पडायला सांगितले गेले. रोजचे जगणे टिपणारा कॅमेरा पहिल्या दिवसापासून त्या जगण्यात थोडी ढवळाढवळ करत आला आहे. तिथे कॅमेरा नसता तर ती माणसे जशी चालली असती, तशीच ती कॅमेऱ्यासमोर चालतील का? चिंतनशील माहितीपट करणाऱ्या प्रत्येकाला या प्रश्नाला तोंड द्यावे लागते.

त्यानंतर शंभर वर्षांनी, 1995 मध्ये, जर्मन दिग्दर्शक हारून फारोकी यांनी कारखान्यातून बाहेर पडणाऱ्या कामगारांची दृश्ये शतकभराच्या सिनेमातून गोळा केली आणि त्यांचा एक निबंधपट केला. त्यांचे निरीक्षण मार्मिक होते. सिनेमाची गोष्ट बहुधा काम संपल्यावर सुरू होते. प्रेम, भांडण, सूड, गाणे हे सारे फाटकाबाहेर. फाटकाच्या आत, जिथे माणसाच्या जागेपणाचा सर्वांत मोठा वाटा जातो, तिथे सिनेमा क्वचितच शिरला. भनपुरीच्या बाबतीत हे अक्षरशः खरे आहे.

वाटाण्याचा अंकूर

आता महाराष्ट्राकडे येऊ. मुंबईतले छायाचित्रकार हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांनी ल्युमिएंच्या फिल्मा पाहून विलायतेहून कॅमेरा मागवला आणि 1899 मध्ये हँगिंग गार्डनवर झालेली कुस्ती टिपली. भारतीय माणसाने केलेले हे पहिले चित्रीकरण मानले जाते. 1901 मध्ये रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले तेव्हा त्यांचे स्वागतही सावेदादांनी टिपले. या दोन्ही घटना होत्या. लोक मुद्दाम जमून पाहतील अशा.

1912 मध्ये दादासाहेब फाळके यांनी याच्या अगदी उलट केले. ते लंडनला जाऊन विल्यमसन कंपनीचा कॅमेरा घेऊन आले होते. ‘राजा हरिश्चंद्र’ काढायचा होता, पण भांडवल नव्हते आणि कोणाचा विश्वासही बसत नव्हता. त्या दिवसांत त्यांनी एक वाटाणा कुंडीत पेरला, त्याच्यासमोर कॅमेरा लावला आणि ठरावीक अंतराने एकेक चौकट टिपत गेले. रोप वाढेपर्यंत हे चालले. ती फिल्म पडद्यावर चालवली तेव्हा पाहणाऱ्यांच्या डोळ्यांदेखत दाणा फुटला, कोंब वर आला, पाने उलगडली. ‘अंकुराची वाढ’ म्हणून ही फिल्म ओळखली जाते. ती पाहून यशवंतराव नाडकर्णी यांनी फाळक्यांना कर्ज दिले, आणि 3 मे 1913 रोजी ‘राजा हरिश्चंद्र’ गिरगावच्या कॉरोनेशन सिनेमात लागला. फिल्मला छिद्रे पाडण्यापासून ती धुण्यापर्यंतची कामे घरातच होत आणि त्यांत त्यांच्या पत्नी सरस्वतीबाईंचा मोठा हात होता.

फाळक्यांचा हा प्रयोग आपण भांडवल मिळवण्याची युक्ती म्हणून सांगतो आणि पुढे सरकतो. पण त्यांनी निवडलेला विषय पाहा. कुस्ती नाही, मिरवणूक नाही, राजा नाही. घरोघरी असतो तो वाटाणा. भारतात सिनेमाने प्रेक्षकाला ज्या गोष्टींनी पहिल्यांदा थक्क केले, त्यांत रोज डोळ्यांसमोर असून कधीच न दिसलेली ही एक गोष्ट होती. त्यासाठी फाळक्यांनी काळ आकसून घेतला. कित्येक दिवस काही क्षणांत आणले. पुढे आलेल्या चिंतनशील माहितीपटांनी उलट बाजूने तेच साधले. त्यांनी काळ आकसला नाही, त्याला त्याच्या मूळ लांबीने वाहू दिले. क्षणात उरकून टाकायची सवय लागलेल्या नजरेला त्यांनी मिनिटभर एका जागी धरून ठेवले. फाळक्यांनी सावकाश घडणारे दाखवले आणि या दिग्दर्शकांनी रोज घडणारे.

निवेदकाचा आवाज आणि त्याचे जाणे

1948 मध्ये भारत सरकारने फिल्म्स डिव्हिजनची स्थापना केली. तिचे मुख्यालय मुंबईत होते. मुख्य चित्रपटापूर्वी तिच्या फिल्मा दाखवणे चित्रपटगृहांना सक्तीचे होते, त्यामुळे दोन-तीन पिढ्यांच्या मनात माहितीपट म्हटला की एक विशिष्ट भारदस्त आवाज घुमतो. धरणे, पोलाद कारखाने, लसीकरण, कुटुंब नियोजन. चित्र काहीही असो, त्याचा अर्थ तो आवाज सांगत असे. 4 फेब्रुवारी 1959 रोजी भिलाईची पहिली झोतभट्टी राष्ट्रपती डॉ. राजेंद्र प्रसाद यांच्या हस्ते सुरू झाली. तो काळच असा होता की वितळलेल्या लोखंडाच्या लाल प्रवाहात देशाला आपले भविष्य दिसत होते. अशा चित्रांत कामगार असायचा, पण राष्ट्राची प्रगती दाखवणारा एक हात म्हणून. त्याला तहान लागते, त्याचे पाय दुखतात, त्याला घरची आठवण येते, हे सांगायला दहा मिनिटांच्या फिल्ममध्ये जागा नव्हती.

पण त्याच संस्थेत 1960 च्या दशकात वेगळे वारे आले. एस. सुखदेव यांनी 1967 मध्ये ‘इंडिया 67’ केला. सुमारे तासाभराचा हा माहितीपट निवेदनाशिवाय देशभर फिरतो. शेत, बाजार, यंत्र, देऊळ, रस्ता, माणसांचे चेहरे, आणि त्यांच्यासोबत फक्त संगीत आणि आवाज. त्याच वर्षी एस. एन. एस. शास्त्री यांनी ‘आय ॲम 20’मध्ये स्वातंत्र्याबरोबर जन्मलेल्या तरुणांना बोलते केले आणि देशाविषयी जे काही सांगायचे ते त्यांनाच सांगू दिले. फिल्म्स डिव्हिजननेच 1980 मध्ये मणी कौल यांचा ‘अरायव्हल’ काढला. मुंबईत रोज काय काय येऊन पडते ते हा माहितीपट पाहतो. भाजी येते, फुले येतात, मासळी येते, बकऱ्या येतात आणि माणसेही येतात. माल उतरतो, विकला जातो, खाल्ला जातो. माणसांचे श्रमही त्याच बाजारात उभे असतात. समजावून सांगण्याची घाई त्यात नाही. पाहता पाहता प्रेक्षकालाच कळते की माल आणि मजूर यांच्यातली रेघ या शहराने कधीच पुसली आहे.

मणी कौल यांचा छत्तीसगडशी आलेला संबंध मराठी वाचकाला जवळचा वाटावा असा आहे. त्याच 1980 मध्ये त्यांनी ‘सतह से उठता आदमी’ हा गजानन माधव मुक्तिबोध यांच्या लेखनावर आधारलेला चित्रपट केला. मुक्तिबोध मराठी घरातले, हिंदीतले मोठे कवी. त्यांचे धाकटे बंधू शरच्चंद्र मुक्तिबोध मराठीतले कवी-समीक्षक. गजाननरावांनी आयुष्याची शेवटची वर्षे राजनांदगावच्या दिग्विजय महाविद्यालयात शिकवण्यात घालवली आणि 1964 मध्ये त्यांचे निधन झाले. राजनांदगावच्याच एका तरुणाच्या कविता वाचून त्यांनी त्याला उत्तेजन दिले होते. तो तरुण म्हणजे विनोदकुमार शुक्ल.

मराठी मुलखात हा शोध आणखी एका वाटेने आला. पुण्याच्या सुमित्रा भावे समाजकार्य आणि संशोधनाच्या क्षेत्रातल्या. वस्तीतल्या बायकांच्या जगण्यावर अभ्यास केला, पण त्याचा अहवाल त्या बायकांपर्यंत पोहोचणार कसा, हा प्रश्न त्यांना पडला. वाचता न येणाऱ्या बाईला स्वतःचे आयुष्य पाहता यावे म्हणून त्या सिनेमाकडे वळल्या, आणि 1985 मध्ये ‘बाई’ हा लघुपट झाला. ज्यांच्याविषयी बोलायचे त्यांनाच ते आधी दिसले पाहिजे, हा त्यामागचा विचार आजही तितकाच मोलाचा आहे.

थांबलेली चौकट काय करते

चिंतनशील माहितीपट पहिल्यांदा पाहणाऱ्याला कंटाळा येतो. तो का येतो हे समजून घेतले तर या प्रकाराचे सगळे यंत्र उलगडते.

समजा, पडद्यावर एक बाई चुलीपुढे भाकरी थापते आहे. पहिल्या दोन-तीन क्षणांत आपण ते दृश्य ओळखतो. ‘बाई, चूल, भाकरी.’ ओळख पटली की मेंदूचे काम संपते आणि तो पुढच्या दृश्याची वाट पाहू लागतो. नेहमीचा सिनेमा याच क्षणी दृश्य बदलतो. हा दिग्दर्शक मात्र बदलत नाही. दहा क्षण, वीस क्षण, मिनिट. आपण चुळबुळतो. आणि मग हळूहळू दुसरे काही दिसू लागते. पीठ घेणारा हात दर वेळी तेवढेच पीठ घेतो. धूर आला की ती मान जराशी वळवते, पण हात थांबत नाहीत. मागे कोणीतरी खोकते, तिकडे तिचे लक्ष जाते. एक भाकरी ती बाजूला ठेवते, इतरांहून थोडी मोठी. ती कोणासाठी? ‘बाई’ ही जात पडद्यावरून नाहीशी होते आणि एक विशिष्ट माणूस समोर येतो.

यासाठी दिग्दर्शकाजवळ मोजकी साधने असतात. पहिले, लांब चालणारे, न तोडलेले दृश्य. दुसरे, जागेवरचा खरा आवाज. पार्श्वसंगीत काढून घेतले की प्रेक्षकाला काय वाटायला हवे हे सांगणारे कोणी उरत नाही. तिसरे, कॅमेऱ्याची उंची. जमिनीवर बसलेल्या माणसाला उभ्याने टिपले तर तो खुजा दिसतो. कॅमेरा त्याच्या डोळ्यांच्या पातळीवर आला की बरोबरीचे नाते जुळते. चौथे, आणि सर्वांत महाग, वेळ. माणसांना कॅमेऱ्याची सवय व्हायला आठवडे लागतात, आणि त्याआधी टिपलेले बरेचसे निरुपयोगी ठरते.

कधी कधी तंत्राच्या मर्यादेतूनच रूप जन्म घेते. नेपाळमध्ये मनकामना देवीच्या डोंगरावर जाणारा रोपवे आहे. त्याच्या पाळण्यात बसलेल्या यात्रेकरूंसमोर कॅमेरा ठेवून स्टेफनी स्प्रे आणि पाचो वेलेझ यांनी 2013 मध्ये ‘मनकामना’ हा माहितीपट केला. 16 मिलिमीटर फिल्मचे 400 फुटांचे एक रीळ सुमारे 11 मिनिटे चालते आणि पाळण्याची एक फेरीही साधारण तेवढ्याच वेळाची. त्यामुळे एक फेरी म्हणजे एक अखंड दृश्य, आणि अशा 11 फेऱ्यांचा मिळून माहितीपट. म्हातारे जोडपे कोंबडा घेऊन बसते, दोघी आइसक्रीम खातात, कोणी बोलतच नाही. इतकेच. पण माणूस देवाकडे जाताना कसा दिसतो हे त्यात जितके समजते तितके क्वचितच कुठे समजते.

याच वाटेवर रॉबर्ट गार्डनर यांचा ‘फॉरेस्ट ऑफ ब्लिस’ (1986) आहे. वाराणसीचा एका पहाटेपासून दुसऱ्या पहाटेपर्यंतचा दिवस, निवेदनाशिवाय, संवादांच्या भाषांतराशिवाय. फरिदा पाचा यांचा ‘माय नेम इज सॉल्ट’ (2013) कच्छच्या छोट्या रणात मीठ पिकवणाऱ्या एका कुटुंबासोबत राहतो. ते कुटुंब वर्षातले आठ महिने त्या उजाड जमिनीवर काढते, पांढरे शुभ्र मीठ तयार करते, आणि पावसाळा येऊन त्यांची सगळी मिठागरे धुऊन नेतो. पुढच्या वर्षी ते पुन्हा येतात. कोणताही अग्रलेख सांगू शकणार नाही इतके श्रमाविषयी त्यातून कळते.

रायपूरमधले एक घर

आणि रायपूर? या शहरानेही असा एक माहितीपट दिला आहे. दरभंग्याचा तरुण दिग्दर्शक अचल मिश्र याने आधी ‘गामक घर’ (2019) या मैथिली चित्रपटात एका खेड्यातल्या घराची तीन वेगवेगळ्या काळांतली रूपे दाखवली होती. माणसे येतात, जातात, कमी होतात आणि घर पाहत राहते. त्यानेच ‘चार फूल हैं और दुनिया है’ हा माहितीपट केला. विषय, विनोदकुमार शुक्ल. अभिनेता-लेखक मानव कौल त्यांच्या रायपूरच्या घरी जातो आणि गप्पा होतात. लेखनाविषयी, घराविषयी, जगण्याविषयी. साहित्यिकांवरच्या फिल्मांत हमखास येणारी सत्कारांची छायाचित्रे, समीक्षकांची मते, जन्मगावाची सफर यांचा भार त्यावर नाही. वयोवृद्ध लेखक आपल्या घरात बसला आहे, आणि आपण त्याच्यासोबत आहोत.

हा सूर शुक्ल यांच्या साहित्याशी जुळणारा आहे. 1937 मध्ये राजनांदगावला जन्मलेले शुक्ल कृषिशास्त्र शिकले आणि रायपूरच्या कृषी विद्यापीठात त्यांनी अध्यापन केले. त्यांची ‘नौकर की कमीज’ ही 1979 ची कादंबरी एका साध्या कारकुनाची आहे. आदर्श नोकरासाठी म्हणून शिवून ठेवलेला एक सदरा असतो, आणि तो ज्याच्या अंगाला बसेल त्याला नोकर व्हावे लागणार असते. 1999 मध्ये मणी कौल यांनी तिच्यावर चित्रपट केला. त्याच वर्षी ‘दीवार में एक खिड़की रहती थी’ या कादंबरीला साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. पुढे ज्ञानपीठही आले. 2025 च्या डिसेंबरात रायपूरलाच त्यांचे निधन झाले. एवढे सन्मान मिळूनही त्यांचे विषय शेवटपर्यंत तेच राहिले. भाड्याचे घर, कचेरी, शेजार, नवरा-बायको, पगार, झाड, खिडकी.

शुक्ल यांच्या मृत्यूनंतर हा माहितीपट पाहताना त्याची किंमत अधिक जाणवते. त्यांची पुस्तके आपल्याजवळ होतीच. पण बोलण्याआधी ते किती वेळ थांबतात, आवाज कसा खाली येतो, समोरच्याकडे कसे पाहतात, हे जर त्या दिवशी कॅमेऱ्याने धीराने टिपले नसते, तर ते कायमचे गेले असते. एका ज्ञानपीठ विजेत्या लेखकाच्या रोजच्या दिवसाला ही किंमत आहे. त्याच शहराच्या उत्तरेच्या टोकाला, भनपुरीत, पाळीवरून परतणाऱ्या माणसाच्या दिवसाला ती नाही, असे कोणी म्हणू शकेल का? शुक्ल यांचे सगळे साहित्य या प्रश्नाला ‘नाही’ असेच उत्तर देते.

भनपुरीत कॅमेरा उभा केला तर

मग भनपुरीत काय दिसेल? सुरुवात चावडीपासून करता येईल. रायपूर भागात रोजंदारीचे मजूर पहाटे जिथे जमतात त्या नाक्याला चावडी म्हणतात. फावडे, घमेले, डबा घेऊन माणसे उभी. ठेकेदार येतो, नजरेने माणूस पारखतो, दोन शब्दांत भाव ठरतो. नऊ वाजून गेल्यावर जे उरतात ते आणखी थोडा वेळ थांबतात. बातमीच्या कॅमेऱ्याला ज्यांना काम मिळाले ते दिसतात. चिंतनशील कॅमेरा उरलेल्यांसोबत थांबेल.

मग रोलिंग मिल. भट्टीत सुमारे 1,100 ते 1,200 अंशांपर्यंत तापलेला लोखंडी ठोकळा बाहेर येतो. रुळांच्या जोड्यांमधून तो पुन्हा पुन्हा जातो आणि दर वेळी बारीक आणि लांब होत जातो. जुन्या पद्धतीच्या मिलमध्ये रुळातून सुसाट बाहेर येणारे ते लालबुंद टोक माणूस लांब चिमट्याने पकडतो आणि वळवून पुढच्या रुळात घालतो. क्षणाची चूक झाली तर पाय गेला. हे काम तो पाळीत शेकडो वेळा करतो. दहा सेकंद पाहिले तर डोळ्यांसमोर फक्त झगझगीत रंग राहतात. दहा मिनिटे पाहिले तर त्याच्या पावलांची लय दिसते, दोन सळयांच्या मधला श्वास दिसतो, साथीदाराशी नजरेने होणारे बोलणे दिसते. कारण त्या आवाजात शब्द ऐकू येत नाहीत. या हातांतले कौशल्य कोणत्याही प्रमाणपत्रावर लिहिलेले नसते.

दुपारी डबा उघडतो. छत्तीसगडी कामगाराच्या डब्यात बासी असू शकते. रात्रीचा भात पाण्यात भिजत ठेवायचा आणि दुसऱ्या दिवशी मीठ, कांदा, चटणीसोबत खायचा. उन्हात राबणाऱ्या शरीराला गारवा देणारे हे अन्न. 1 मे 2022 रोजी, कामगार दिनी, तत्कालीन मुख्यमंत्री भूपेश बघेल यांनी सर्वांनी बोरे-बासी खावी असे आवाहन केले आणि मंत्री, अधिकारी, शहरी घरे यांनी त्या दिवशी ती खाल्ली. त्या दिवसाची छायाचित्रे भरपूर आहेत. 2 मे रोजी मिलच्या भिंतीच्या सावलीत तीच बासी खाणाऱ्या माणसाचे छायाचित्र मिळणे कठीण आहे.

चीनमध्ये वांग बिंग या दिग्दर्शकाने हेच काम करून दाखवले. शेनयांग शहरातला तिएशी हा जुना औद्योगिक भाग बंद पडत असताना, 1999 पासून तो लहानसा डिजिटल कॅमेरा घेऊन तिथे फिरत राहिला. वितळशाळा, विश्रांतीची खोली, न्हाणीघर, कामगारांच्या चाळी, मालगाडीचे रूळ. त्यातून नऊ तासांहून मोठा ‘वेस्ट ऑफ द ट्रॅक्स’ तयार झाला. आज तो भाग तसा उरलेला नाही. एका अख्ख्या कामगार पिढीचे रोजचे जगणे त्या फिल्ममध्ये शाबूत आहे. मुंबईच्या गिरणगावाचे असे नऊ तास आपल्याजवळ असते, तर आज गिरण्यांच्या जागी उभ्या राहिलेल्या मनोऱ्यांकडे पाहताना आपल्या नातवंडांना काय काय समजले असते!

पाहणाऱ्यावर काय येते

या प्रकारावर एक गंभीर आक्षेप आहे आणि तो टाळून चालणार नाही. दुसऱ्याचे कष्ट सुंदर करून दाखवणे हे बरे नव्हे. भट्टीचा लाल प्रकाश, घामाने चमकणारी पाठ, धुरातून येणारी किरणे हे सगळे पडद्यावर देखणे दिसते, आणि देखणेपणात अन्याय लपून जाऊ शकतो.

राहुल जैन यांचा ‘मशीन्स’ (2016) गुजरातमधल्या एका कापड कारखान्यात शिरतो. त्याच्या चित्रणाला सनडान्स महोत्सवात पुरस्कार मिळाला, इतका तो दिसायला प्रभावी आहे. पण त्याच माहितीपटात कामगार दिग्दर्शकालाच घेरतात आणि विचारतात की तुम्ही येता, आमचे दुःख ऐकता, निघून जाता. आम्ही काय करायचे ते सांगा. दिग्दर्शकाने तो प्रसंग कापला नाही. तो ठेवला, हे त्याचे मोठेपण. त्या प्रश्नाने सगळा माहितीपट प्रेक्षकाच्या अंगावर येतो.

म्हणून काही गोष्टी कसोटी म्हणून धरल्या पाहिजेत. मालकाची परवानगी ही कामगाराची परवानगी नव्हे. माणूस कॅमेऱ्याकडे पाठ करतो तेव्हा ते उत्तर समजले पाहिजे. तयार झालेला माहितीपट आधी त्या वस्तीत दाखवला पाहिजे. सुमित्रा भावे यांना चाळीस वर्षांपूर्वी जे उमगले ते आजही पुरेसे पाळले जात नाही. आणि शेवटची कसोटी अशी की पाहून झाल्यावर त्या माणसाविषयी कीव वाटली की आदर? कीव वाटली तर कॅमेरा फार लवकर हलला असे समजावे. माणसाचे कौशल्य, त्याचा विनोद, त्याचा राग, त्याची निवड हे दिसेपर्यंत जो थांबला, त्याच्याच कामातून आदर निर्माण होतो.

आज प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आहे. फाळक्यांना लंडनहून आणावा लागला त्यापेक्षा तो कितीतरी चांगला आहे. त्यात आपण लग्ने, सहली, वाढदिवस साठवतो. वाचकांना एक विनंती आहे. घरातल्या वडीलधाऱ्या माणसाला विचारून, त्यांचे रोजचे एखादे काम दहा मिनिटे न हलता टिपा. आजी तांदूळ निवडते, वडील दुकान उघडतात, काका सायकल पुसतात, काहीही. मध्ये बोलू नका, संगीत घालू नका, दृश्य तोडू नका. मग ते त्यांच्यासोबत बसून पाहा. आणि पुढच्या वेळी मुंबई-हावडा गाडी रायपूर सोडून उरकुऱ्याकडे निघेल तेव्हा खिडकीतून दिसणाऱ्या त्या वस्तीकडेही तेवढ्याच धीराने पाहा. रोजचे जगणे टिपणाऱ्या चांगल्या माहितीपटाची आपल्याकडून एवढीच अपेक्षा असते, आणि ती पुरी करायला चित्रपट महोत्सवाचे तिकीट लागत नाही.